ज्यांना मिरची ठाऊक नव्हती

गेल्या भाद्रपदातली गोष्ट. सासऱ्यांचा महालय होता आणि गोव्यातल्या सावईवेऱ्याच्या जुन्या घरी आम्ही सगळे जमलो होतो. रांदचीकूड, म्हणजे स्वयंपाकाची खोली, पहाटेपासून तापलेली. बाहेर पावसाची एक सर येऊन गेली होती आणि मागच्या दारातून कुळागरातला, म्हणजे सुपारीच्या बागेतला, ओल्या पानांचा, भिजल्या सुपारीच्या सालींचा वास आत येत होता. पुतण्याची बायको पुण्याची, लग्नानंतरचं तिचं हे पहिलंच श्राद्ध. मदतीच्या उत्साहात ती खतखत्याच्या, म्हणजे अनेक भाज्यांच्या कालवणाच्या, कुंडल्यापाशी उभी होती आणि हातात लाल तिखटाचा डबा होता. आत्या, म्हणजे माझ्या सासऱ्यांची धाकटी बहीण, आता ऐंशीच्या घरातली, पाटावर बसून आलं किसत होती. मान वर न करता ती म्हणाली, "घालूं नाका गो. तांकां मिरसांग खबर ना." घालू नकोस गं, त्यांना मिरची ठाऊक नाही. पोर डबा धरून तशीच थांबली. मग हळू आवाजात म्हणाली, "पण आजी, फोटोतल्या आजोबांना तर मिरचीशिवाय जेवण जात नसे ना?" आत्या नुसती हसली. तेवढ्यात ओसरीवर भटजी आले, कुणीतरी दर्भ मागितले, केळीची पानं पुसायची राहिली होती, आणि तो प्रश्न तिथेच पडून राहिला.

माझ्या मनातून मात्र तो उठला नाही.

त्या दिवशी पिंडांवर तीन नावं घेतली गेली. सासरे, त्यांचे वडील आणि त्या वडिलांचे वडील. मी दाराआडून ऐकत होते आणि हिशेब करत होते. सासरे दुपारच्या पेजेबरोबर हिरवी मिरची नुसती चावून खायचे. त्यांचे वडील ओळखीच्या माणसाकडून काणकोणहून खोल्याची मिरची मागवायचे, आणि मे महिन्यात ती अंगणात चटईवर पसरली की घरभर शिंका सुरू व्हायच्या असं आत्याच सांगते. त्यांचे वडील आमच्यापैकी कुणी पाहिले नाहीत, पण तेही पोर्तुगीज अमदानीतच जन्मले, वाढले आणि गेले, आणि त्या काळात गोव्यातल्या कुठल्याच घराचं हुमण, म्हणजे माशांचं कालवण, लाल झाल्याशिवाय राहिलेलं नाही. तिघेही मिरची खाणारे. मग आत्या ज्यांच्याविषयी बोलत होती ती माणसं कोण?

मिरची आपल्याकडे आली ती पोर्तुगीजांच्या जहाजांतून, मूळची अमेरिकेची. आफोन्सो द आल्बुकेर्कने गोवा घेतला १५१० मध्ये. म्हणजे आत्याची ‘ती माणसं’ चारशे-पाचशे वर्षांपलीकडची. भटजींना त्यांची नावं ठाऊक नाहीत, घरातल्या कुठल्या वहीत ती लिहिलेली नाहीत, त्यांचे चेहरे कसे होते हे सांगणारं कुणी उरलेलं नाही. त्यांना काय चालत नाही एवढं मात्र आमच्या चुलीला ठाऊक आहे. सगळ्या घरांत ही रीत नाही, हेही सांगायला हवं. आमच्याच वाड्यावर एका घरात श्राद्धाला तिखट चालतं, बटाटा तेवढा वर्ज्य. पण आमच्या घरात मिरची, बटाटा, टोमॅटो, कोबी यांपैकी काही त्या दिवशी चुलीजवळ येत नाही. त्या दिवशी जेवताना मी पहिल्यांदा पानाकडे नीट पाहिलं, आणि ते आपल्यासाठी वाढलेलंच नाही, आपण फक्त कुणाच्या तरी शेजारी बसलो आहोत, असं मला वाटत राहिलं.

मिरचीविना रांधणाऱ्या घराचा वासच निराळा असतो. एरवी मसाला भाजायला घेतला की सुक्या मिरच्या तव्यावर पडताच माजघरातल्या माणसाला खोकला येतो. त्या दिवशी कुणी खोकत नाही. मिरी भाजली की तिचा वास लाकडासारखा कोरडा येतो आणि तव्याभोवतीच रेंगाळतो. आल्याचा वास ओला, मातीचा. तेफळं, म्हणजे तिरफळं, अगदी शेवटी पडतात. गेल्या पावसाळ्यातली वाळवून ठेवलेली, आतली काळी बी काढून टाकलेली, किंचित ठेचलेली. ती गरम कढीत पडताच लिंबाच्या सालीसारखा एक झटका येतो आणि क्षणभर जीभ बधिर होणार हे नाकालाच आधी कळतं. खतखत्यात कच्चं केळं, सुरण, दोडकी, तूरडाळ, ओल्या नारळाचा रस. रंग फिकट पिवळा, हळदीपुरता. पहिला घास गोडसर लागतो. तिखट कुठे आहे म्हणून शोधावं तर ते सापडत नाही, आणि घास गिळून झाल्यावर घशात सावकाश जाणवायला लागतं. त्याला घाई नसते. आजच्या जेवणाची सवय झालेल्या तोंडाला हे अळणी वाटेल. मला ते गेली कित्येक वर्षं तसंच वाटत आलं होतं. या खेपेला ते कुणाचं तरी आहे एवढं लक्षात ठेवून जेवले, आणि दुसऱ्यांदा मागून घेतलं.

आता यात एक गंमत अशी की, त्याच पानात लाल भोपळ्याची भाजीही होती. भोपळा हा मिरचीचाच गाववाला, मूळचा अमेरिकेचा, त्याच शतकांत समुद्रावरून आलेला. मिरचीला दारात अडवलं आणि भोपळा मात्र कुणाच्या नकळत आत येऊन बसला. आणि एकादशीची फराळाची ताटली डोळ्यांसमोर आणा. साबुदाणा ज्या कंदाचा तो टॅपिओका, शेंगदाणे, बटाटा, रताळं, वर फोडणीत हिरवी मिरची. सगळा अमेरिका खंडच त्या ताटलीत आहे, आणि आपण तो पवित्र मानून उपासाला खातो. दुसऱ्या बाजूने पाहिलं तर आपण ज्याला फार जुनं समजतो त्यातलंही पुष्कळ कधीतरी बाहेरून आलेलंच. अळसांदे आफ्रिकेतून, नाचणी आफ्रिकेतून, मेथी पश्चिम आशियातून. तेव्हा आमच्या श्राद्धाची रीत काही इतिहासाचा चोख हिशेब नव्हे. हे कळल्यावर क्षणभर मी खट्टू झाले. मग वाटलं, हिशेब चुकला असेल, पण तो मांडावासा वाटला हेच केवढं आहे. कुणीतरी, केव्हातरी, घरात नवी वस्तू आल्यावर मागे वळून आपल्या मेलेल्यांकडे पाहिलं आणि विचारलं की, यांना हे आवडेल का?

दिवाळीच्या आसपास पुन्हा सावईवेऱ्याला गेले तेव्हा आत्याला निवांत गाठलं. ती अंगणात उन्हात पाय पसरून बसली होती, शेजारी सुपात कोकमाची सोलं वाळत होती. मी तिला विचारलं, हे तुला कुणी सांगितलं? ती म्हणाली, कुणी कशाला सांगायला हवं, तिची आई घालत नसे. मी म्हटलं, पण आई असं का करते हे तू कधी विचारलं नाहीस? ती थोडा वेळ सुपातली सोलं हाताने परतत राहिली आणि म्हणाली, "सोयऱ्यांक खबर नाशिल्लें वाडचें न्हय." एवढंच. पाहुण्याच्या पानात त्याच्या ओळखीचं नसलेलं वाढू नये. मेलेली माणसं म्हणजे वर्षातून एकदा येणारे पाहुणे, आणि लांबून येणाऱ्या पाहुण्याला जेवताना परकं वाटू नये ही घरच्या बाईची काळजी. धर्मशास्त्रातलं कारण काही निराळं असेल. मला आत्याचं कारण पुरतं.

तेव्हापासून माझ्या डोक्यात एक पंगत बसायला लागली.

श्राद्धाच्या पंगतीत एकाच काळाची चव सांभाळली जाते. पण सगळ्याच काळांचे लोक एकदम आले तर? कुणाच्याच पानात ओळखीचा एकही घास नाही असं होता कामा नये, आणि शेजाऱ्याच्या पानातलं काहीतरी नवं चाखल्याशिवायही कुणी उठू नये. असं रांधप अजून कुणी केलेलं नाही. ते कसं असेल याचा विचार मी पणजीला बसमधून जाताना करते, भाजी निवडताना करते, रात्री झोप लागत नसली की करते. त्याला अजून नाव नाही. नाव नकोच.

सगळ्यात आधी मी ज्यांना बसवते ते गोव्यातल्या कुशावती नदीच्या काठचे आदिम लोक. उसगाळीमळच्या जांभ्या दगडाच्या कातळावर ज्यांनी बैल, हरणं आणि ते गोल गोल भुलभुलैयाचं चित्र कोरलं ते लोक. नदी शेजारून वाहते आणि पावसात ती चित्रं पाण्याखाली जातात. ते काय जेवत असतील हे चित्रांवरून पुरतं कळत नाही, पण निखाऱ्यात भाजलेला कंद त्यांना परका वाटणार नाही एवढा विश्वास मला आहे. आमच्याकडे हिवाळ्यात काटेकणगां निघतात. ती उकडून सकाळी चहाबरोबर खातात. मी ती उकडणार नाही. चुलीच्या राखेत पुरून भाजेन, साल करपू देईन आणि वर रानातला मध. बस्स. त्यांच्या पानात याहून जास्त काही लुडबुड नको.

त्यांच्यानंतर माझी लाडकी पाहुणी, मैलालदेवी. कल्याणीच्या चालुक्यांची लेक, सहाव्या विक्रमादित्याची मुलगी, गोव्याच्या कदंबांच्या घरात दुसऱ्या जयकेशीला दिलेली. तिचा भाऊ सोमेश्वर तिसरा. याच राजाने साधारण ११३० च्या सुमारास ‘मानसोल्लास’ नावाचा प्रचंड ग्रंथ रचला आणि त्यात अन्नभोगाला स्वतंत्र जागा दिली. त्यात इडरिका आहे. नुसत्या उडदाच्या बारीक वाटलेल्या पिठाचे गोळे तुपात तळायचे, वर मिरी, जिरं आणि हिंग. तांदूळ नाही, आंबवणं नाही. ज्या राजाला स्वयंपाकघरात एवढा रस, त्याची बहीण घाट उतरून झुआरीकाठच्या गोपकपट्टणात नांदायला आली तेव्हा बरोबर काय घेऊन आली असेल? दागिने आणि दासी आल्या असतील, त्यांची नोंद होते. पण एखादी दासी उडीद वाटणारी असेलच. आणि इथे आल्यावर नारळ पाहून, ताजी मासळी पाहून, सासरच्या घरातला तो खारट ओला वारा अंगावर घेऊन त्या मुलीने पहिल्या दिवशी काय गिळलं असेल आणि काय नाही? खतखत्याच्या कुंडल्यापाशी डबा धरून उभी राहिलेली आमची पुण्याची पोर मला त्या दिवसापासून मैलालदेवीच्या बाजूलाच बसलेली दिसते. सासरी आलेल्या मुली आपल्या जिभेवर एक गाव घेऊन येतात, आणि पुढे दोन पिढ्यांनी ती चव सासरचीच म्हणून ओळखली जाते. मैलालदेवीच्या पानात मी इडरिका वाढीन, तुपातली, मिरी-हिंगाची, आणि बरोबर अननसाचं सासव. मोहरी आणि नारळ तिच्या ओळखीचे, गूळही ओळखीचा, अननस तिच्यानंतर चार शतकांनी ब्राझीलहून आलेला. आंबटगोड फोड दातांखाली आल्यावर ती काय म्हणेल याची मला फार उत्सुकता आहे.

खरं तर हे असं एकत्र येणं आमच्या कुळागरात रोज घडतंच आहे. सुपारीची उंच झाडं, त्यांच्या अंगावर चढलेली मिरीची वेल, मधूनच खायच्या पानांची वेल, खाली केळी, त्यांच्या मुळाशी अननसाची काटेरी झुडपं, कडेला फणस, भिंडांची, म्हणजे कोकमाची, झाडं, पाटाच्या वळणावर तेफळाचं झाड ज्याच्या काट्यांमुळे कुणी जवळ जात नाही. एकाच पाटाचं पाणी सगळ्यांना मिळतं. मिरीच्या वेलीने अरबांची गलबतं पाहिली, त्यानंतर वास्को द गामा १४९८ मध्ये कालिकतला उतरला तोही तिच्याच मोहाने. अननस त्या मोहाच्या परतीच्या वाटेने आला. आता दोघं एकाच सावलीत आहेत. मिरी डिसेंबरानंतर पिकायला लागते. घोस काढून पायाखाली मळतात, दाणे उन्हात टाकले की हिरव्याचे काळे होतात आणि हाताला आठवडाभर तोच वास राहतो.

एवढ्यावर लेख थांबला असता तर तो गोड झाला असता. पण पंगतीत मधली पानं मोकळी ठेवून पुढे जाता येत नाही. ज्या जहाजांतून मिरची आली, काजू आला, पपई, पेरू, बटाटा आला, त्याच जहाजांतून दुसरंही बरंच आलं. आमचं कूळ मूळचं दक्षिण गोव्यातल्या साष्टीतलं. पोर्तुगीज देवळं पाडायला लागले आणि देव पळवावे लागले, तेव्हा माणसंही पळाली. कुशस्थळीचा मंगेश १५६० मध्ये नदी ओलांडून प्रियोळला आला, वेर्ण्याची म्हाळसा म्हार्दोळला, केळशीची शांतादुर्गा कवळ्याला. आज आपण अंत्रुज महालातल्या, म्हणजे फोंड्याच्या परिसरातल्या, या देवळांच्या दीपमाळा पाहून हरखतो, पण ती सगळी मुळात निर्वासितांची वस्ती. आणि जे पळू शकले नाहीत, किंवा ज्यांना शेत सोडवलं नाही, ते मागे राहिले, बाटवले गेले. म्हणजे आपलीच माणसं. त्यांना पुढे दीडशे-दोनशे वर्षांनीही सुखाने जेवू दिलं नाही. इन्क्विझिशनचं, म्हणजे पोर्तुगीजांच्या धर्मन्यायालयाचं, १७३६ चं एक फर्मान आहे. त्यात नव्या ख्रिस्त्यांनी काय काय करायचं नाही याची लांबलचक यादी आहे, आणि त्यात हेही आहे की हिंदूंप्रमाणे भात मिठाशिवाय शिजवून मीठ मागाहून घेऊ नये. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून ठेवलं होतं. राज्य कुणाचं, देव कुठला, नाव काय, हे सगळं ठरवून झाल्यावरही कुणीतरी भाताच्या आधणात डोकावून पाहत होतं. आणि उलटं असं की, इतकं डोकवावं लागलं म्हणजे दोनशे वर्षं कित्येक घरांत भात मिठाशिवायच शिजत राहिला असणार. कुणीतरी बाई दार लोटून घेत असणार.

म्हणून त्या पंगतीत भात मिठाशिवाय शिजेल आणि मीठ पानात वाढलं जाईल. आगरवाड्याच्या मिठागरातलं, जाड, करड्या रंगाचं. ज्यांना आधणात मीठ घालायची सवय लागली, जी आज त्यांची स्वतःची झाली आहे, त्यांच्यासाठी वेगळं भांडं चढवू. पणजी शहरातल्या आमच्या शेजारीणबाई भात खारा शिजवतात, त्यांच्या आजीनेही तसाच शिजवला, आणि त्यांच्या घरच्या सोरपोतेलबरोबर, म्हणजे डुकराच्या मांसाच्या कालवणाबरोबर, तोच लागतो. त्यांच्याकडून तो हिसकावून घेणं म्हणजे पुन्हा आधणात डोकावणंच होईल.

आणि मिरची? माझं मन इथे अजून स्थिर नाही. मला ती आवडते. खोल्याच्या मिरचीचं लोणचं, हरमलच्या मिरचीचा रंग, बांगड्यात भरलेला लाल रेशाद मसाला, यांच्याशिवाय आयुष्य मला नको आहे. तिने आमचं काही वाईट केलेलं नाही. एक झुडूप, उन्हात वाढतं, फळ देतं. पण ती कुणाबरोबर आली हे विसरून ती खाणं मला जमत नाही, आणि ते आठवून ती टाकून देणंही जमत नाही. गोव्यात राहणाऱ्या आमच्यासारख्यांच्या पुष्कळ गोष्टी अशाच आहेत. पावाचंच पाहा. पाव विहिरीत टाकला आणि ते पाणी प्यायलेलं आख्खं गाव बाटलं, अशा कथा आमच्या घरांत सांगत आले. आत्याच्या लहानपणी घरात पाव येत नसे. आणि आज सकाळी पोदेराच्या सायकलचा भोंपू ऐकू आला नाही तर तीच आत्या तीनदा दारात जाऊन पाहते.

त्या पंगतीत आणखी एक माणूस मला हवा आहे, गार्सिया द ओर्ता. पोर्तुगीज वैद्य, १५३४ साली भारतात आला आणि इथेच राहिला. आंबा, फणस, नारळ, आलं, मिरी, वेलदोडे, सगळं त्याने हातात धरून, चाखून, लोकांना विचारून लिहिलं, आणि ते पुस्तक १५६३ मध्ये गोव्यातच छापलं गेलं. प्रश्न विचारणारा एक आणि उत्तर देणारा दुसरा अशा संभाषणांतून. तो जन्माने ज्यू वंशातला. १५६८ मध्ये वारला. पुढच्याच वर्षी इन्क्विझिशनकडून त्याच्या बहिणीला जाळण्यात आलं, आणि १५८० मध्ये त्याची हाडं थडग्यातून उकरून जाळली. पणजीला चर्चच्या चौकाजवळच्या बागेला आज त्याचं नाव आहे, संध्याकाळी मुलं तिथे खेळतात. त्याचं श्राद्ध कुणी केलं? तर्पणात ज्यांना कुणीच नाही अशांनाही तिळोदक देतात, त्यात त्याला मी मनातल्या मनात धरलं आहे. त्याच्या पानात सुंगटं वाढायची नाहीत. त्याच्या पूर्वजांच्या धर्मात कवचाची मासळी चालत नाही, आणि निदान इथे तरी त्याला काही लपवावं लागू नये. खवल्याची मासळी चालेल.

म्हणजे बांगडा. या बांगड्यासाठी वैनींनी, म्हणजे माझ्या थोरल्या जावेने, आणि मी थंडीत एक दिवस मिरचीविना हुमण करून पाहिलं. नारळ आदोळीवर खोवला, त्यात काळी मिरी सढळ, धणे, हळद, आल्याचा तुकडा, आणि हे मिक्सरात न घालता रगड्यावर वाटलं, कारण मिक्सरात मिरीची भरड राहते आणि रसाला कडवटपणा येतो. आंबटाला सोलं. कुंडल्यात रस उकळला, बांगड्याचे तुकडे सोडले, तेफळं ठेचून टाकली, झाकण ठेवायच्या आधी वरून कच्चं खोबरेल. रंग आला तो सुकत चाललेल्या केळीच्या पानासारखा, हिरवट पिवळा. वैनींना तो रंग बघूनच बरं वाटेना. लाल नसलेलं हुमण म्हणजे आजाऱ्याचं जेवण, असं त्यांचं म्हणणं. पण पहिला घोट घेतल्यावर त्या काही बोलल्या नाहीत. मासळीची स्वतःची चव, जी एरवी मिरचीच्या मागे उभी असते, ती पुढे आली होती. बांगड्याचं तेल, त्याचा तो किंचित लोखंडी वास, सोलांचा आंबट आणि जांभळट स्वाद, सगळं वेगवेगळं ओळखता येत होतं. मिरची ओठांवर आणि जिभेच्या टोकावर बसते. मिरी मागे जाऊन घशात तापते आणि लवकर निवते. शरीराची जी जाणीव आपल्याला चटका ओळखायला शिकवते, तीच जाणीव मिरीतलं पायपरिन आणि मिरचीतलं कॅप्सेसिन दोन्ही जागी करतात, मिरची कितीतरी अधिक जोराने. मला वाटतं, म्हणूनच आपल्याकडे मिरची इतक्या सहज रुळली. जिभेला तिखटाची वाट आधीच ठाऊक होती.

आणि मग आम्ही ते हुमण पावाबरोबर खाल्लं. भात शिजत होता, पण तोवर धीर नव्हता, आणि सकाळचे उंडे कपड्यात गुंडाळून ठेवलेले होते. बाहेरचा कडक पापुद्रा मोडला की आतला मऊ गर रस पिऊन घेतो. पूर्वी साष्टीतले पोदेर माडाच्या सुरेने पीठ आंबवायचे, तो आंबूस वास आता बहुतेक ठिकाणी गेला, यीस्ट आलं. तरीही तो घास खाताना मी आणि वैनी एकमेकींकडे पाहत राहिलो. कदंबांच्या वेळचा रस आणि पाद्र्यांनी शिकवलेला पाव. या दोघांची भेट कधीच झाली नसणार. पाव आला तेव्हा बहुतेक त्याच सुमारास मिरचीही आली आणि रस लाल झाला. जे इतिहासात चुकलं ते आमच्या जुन्या चुलीवर एका दुपारी जुळून आलं.

आत्याला हे दाखवलं तेव्हा तिने पाव बाजूला ठेवला आणि रस वाटीत घेऊन प्यायली. मग तिला तिच्या लहानपणचे बटाटे आठवले. भारताने पोर्तुगीज गोव्याची नाकेबंदी केली होती ती १९५० च्या दशकातली वर्षं. बेळगावहून काही येत नसे. बाजारात हॉलंडचे बटाटे, पाकिस्तानातला तांदूळ, सिलोनचा चहा. हॉलंडचे ते बटाटे गुळगुळीत, मोठे, माती नसलेले, आणि तिच्या आईला त्यांचा विश्वास वाटत नसे म्हणून ती ते दोनदा धुवायची. १९६१ च्या डिसेंबरात गोवा मुक्त झाला, त्यानंतर बेळगावचे बटाटे आले ते मातीने माखलेले, आणि आईने ते हातात घेऊन वास घेतला. आत्याने हे सांगितलं आणि मला कळलं की पंगतीत तिच्या आईसाठीही पान मांडायला हवं. तिच्या पानात नुसती बटाट्याची पिवळी भाजी, बेळगावच्या बटाट्याची.

पुढे येणाऱ्यांचं काय, हा प्रश्न मला पुण्याच्या पोरीने विचारला. ती आता या सगळ्यात माझ्याहून जास्त रमली आहे. ती म्हणाली, "काकू, आमच्या नातवंडांनी आपलं श्राद्ध घातलं तर ते आपल्यासाठी काय वगळतील?" मी खूप विचार केला. आज आपल्याला ठाऊक नसलेलं असं काय त्यांच्या चुलीवर असेल? खाजनांच्या, म्हणजे खाडीकाठच्या शेतांच्या, मानशी (पाणी अडवणारी दारं) नीट राखल्या नाहीत तर खारं पाणी शेतात वाढत जाईल, आणि मग कदाचित खारं सोसणारा कोरगुट तांदूळच तेवढा उरेल. बांगडा त्यांना मिळेल की नाही? त्यांच्या रोजच्या जेवणात नसलेलं असं काहीतरी ते आपल्यासाठी मुद्दाम मिळवून आणतील, भलते पैसे मोजून, आणि त्यांची मुलं विचारतील की हे कशाला? मला त्यांच्यासाठी काही राखून ठेवायचं आहे. तेफळाची दोन रोपं आम्ही पाटाच्या पलीकडे लावली आहेत. वाढ सावकाश आहे.

तर आता ठरवायचं ते एवढंच की ही पंगत खरोखर मांडायची की नुसती बोलत राहायची. वैनींची पहिली हरकत तयारच होती, "इतल्या मनशांक रोस कोण काडटलो?" इतक्या माणसांना नारळाचा रस कोण काढणार? नारळ मी खोवीन, पुतण्या रगड्यावर बसेल, मिक्सर बंद. मणगण्यात, म्हणजे चणाडाळ-गुळाच्या खिरीत, काजूगर घालायचे की नाही यावर आमचं भांडण होऊन गेलं, आणि ते घालायचे असं ठरलं, कारण ते नाहीत तर पोर्तुगीजांच्या काळातल्यांनी गोड काय म्हणून ओळखावं? सोलकढीऐवजी नीरो द्यायचा माझा हट्ट आहे, काजूच्या बोंडूंचा ताजा रस, त्यात चिमूटभर पिंपळी. नीरो काजूच्या भट्टीवर मिळतो तो मार्च-एप्रिलातच. तेव्हा नवी मिरी वाळून घरात आलेली असते, अननस लागलेले असतात, गेल्या भाद्रपदातली तेफळं डब्यात असतात. काटेकणगां तेवढी आधी काढून राखेत ठेवावी लागतील, ती टिकतात. मासळीचा भाव एप्रिलात चढलेला असतो आणि बांगडा मिळेलच असं नाही, पण वैनी म्हणतात तारले मिळाले तरी चालतील, मिरीच्या रसाला तारलेच जास्त शोभतात, आणि फोंड्याच्या बाजारातल्या त्यांच्या ठरलेल्या मासळीवालीला त्यांनी आतापासूनच सांगून ठेवलं आहे.